पडद्यावरचे गोर्बाचेव्ह



राज्यकर्ता पदावरून उतरला म्हणजे तो पुढे सामान्यतः दोनच ठिकाणी भेटतो : इतिहासाच्या पाठ्यपुस्तकात, आणि त्याने स्वतः लिहिलेल्या आठवणींच्या जाड ग्रंथात. सोव्हिएत संघाचे अखेरचे राष्ट्राध्यक्ष मिखाईल सेर्गेयेविच गोर्बाचेव्ह हे मात्र भलत्याच ठिकाणी भेटत राहिले. ते एका जर्मन चित्रपटात देवदूताच्या शेजारी बसले. एका अमेरिकन उपाहारगृहाच्या जाहिरातीत नातीचा हात धरून आले. मुलांच्या संगीतकथेचे निवेदक झाले. आणि अगदी म्हातारपणी, चालण्यासाठी आधार घेत, अनुबोधपटांच्या दिग्दर्शकांपुढे तासन् तास बसून बोलले. ज्याच्या हाती एके काळी अण्वस्त्रांची किल्ली होती, त्या पुरुषाने हे करावे काय, असा प्रश्न तेव्हा पुष्कळांनी विचारला. तो प्रश्न वाजवी आहे, पण मला तो अपुरा वाटतो. ही चित्रे कोणी पाहावीत म्हणून काढली होती, आणि कोणी ती पाहिली नाहीत, हे विचारल्यावाचून त्या माणसाची गोष्ट नीट कळत नाही.

त्यासाठी थोडे मागे जावे लागेल. गोर्बाचेव्ह सत्तेवर येण्यापूर्वी सोव्हिएत दूरचित्रवाणीचे मुख्य काम दाखविण्याचे नसून झाकण्याचे होते. ब्रेझनेव्ह १९८२ च्या नोव्हेंबरात गेले, आंद्रोपोव्ह १९८४ च्या फेब्रुवारीत आणि चेर्नेन्को १९८५ च्या मार्चमध्ये. अवघ्या अडीच वर्षांत तीन अंत्ययात्रा! पडद्यावर अकस्मात गंभीर संगीत लागले, की आता कोण गेले, असे लोक एकमेकांस विचारू लागले होते. चेर्नेन्कोंच्या शेवटच्या दिवसांत तर कहर झाला. त्या फेब्रुवारीत निवडणूक होती. प्रमुख नेता मत देताना दिसला पाहिजे, म्हणून रुग्णालयातील एका खोलीलाच मतदानकेंद्राचे रूप देण्यात आले, आणि धड उभेही राहू न शकणाऱ्या त्या वृद्धाचे चित्रण करून ते देशभर दाखविण्यात आले. पाहणाऱ्याला सारे कळत होते. दाखविणाऱ्यालाही, त्याला ते कळते आहे, हे ठाऊक होते.

त्यानंतर पंधरवडा उलटतो न उलटतो तोच, ११ मार्च १९८५ रोजी, चौपन्न वर्षांचे गोर्बाचेव्ह पक्षाचे सरचिटणीस झाले. मे महिन्यात ते लेनिनग्राडला गेले. रस्त्यावर गाडीतून उतरले, गर्दीत शिरले आणि हातात कागद न घेता बोलू लागले. लोकांच्या जवळ राहा, असे एका बाईने त्यांना सांगितले. तेव्हा चारी बाजूंनी चेंगरलेल्या त्या गृहस्थाने, याहून जवळ ते कसे यायचे, असा हसत उलट प्रश्न केला. हे सारे दूरचित्रवाणीवरून दाखविले गेले. आपल्याला यात विशेष काही वाटणार नाही. आपले पुढारी गर्दीतच जन्मतात आणि गर्दीतच वाढतात. परंतु ज्या देशाने वर्षानुवर्षे नेत्याला केवळ कागद वाचताना पाहिले होते, त्या देशाला आपला नेता पूर्ण वाक्ये मनाने बोलतो हीच बातमी होती.

गोर्बाचेव्ह यांच्या कपाळावर एक मोठा तांबूस जन्मखूण होती. आरंभीच्या अधिकृत छायाचित्रांतून ती कुंचल्याने पुसून टाकलेली असे. कार्यालयांच्या भिंतींवर निष्कलंक कपाळाचे गोर्बाचेव्ह टांगलेले, आणि संध्याकाळच्या बातम्यांत खुणेसकट खरे गोर्बाचेव्ह बोलत आहेत, असा विलक्षण प्रकार काही काळ चालला. हलत्या चित्रातून खूण पुसण्याची सोय तेव्हा नव्हती. पुढे हीच खूण जगभरच्या विनोदकारांचे भांडवल झाली. १९८८ च्या ‘द नेकेड गन’ ह्या अमेरिकन प्रहसनाच्या आरंभी नायक गोर्बाचेव्हच्या वेषातील नटाच्या कपाळावरची खूण पुसून पाहतो आणि ती निघून येते. गंभीर नाट्यानेही त्यांना लवकरच उचलले. रेक्याविक येथे १९८६ च्या ऑक्टोबरात रेगन आणि गोर्बाचेव्ह यांची जी शिखरभेट झाली, तिच्यावर ब्रिटिश दूरचित्रवाणीने दुसऱ्याच वर्षी नाट्यपट केला आणि टिमथी वेस्ट ह्या नामवंत नटाने त्यात गोर्बाचेव्ह उभे केले. जिवंत आणि अधिकारावर असलेल्या सोव्हिएत नेत्याला माणूस म्हणून रंगवावे, असे परक्या नटांना वाटू लागले, ही गोष्ट लहान नव्हे.

आपल्याकडेही तो चेहरा घराघरांत पोहोचला तो ह्याच सुमारास. १९८६ च्या नोव्हेंबरात ते दिल्लीस आले, राजीव गांधींसमवेत त्यांनी अहिंसक आणि अण्वस्त्रमुक्त जगाचा जाहीरनामा काढला. ‘सोव्हिएत देश’ ह्या नियतकालिकाच्या गुळगुळीत कागदांची वेष्टने शाळेच्या पुस्तकांना घालणारी आपली एक पिढी होती. तिने ट्रॅक्टर, धरणे आणि हसऱ्या शेतकरणी पुष्कळ पाहिल्या होत्या, पण त्या देशाचा नेता असा हातवारे करीत, प्रश्नांना उत्तरे देत असलेला पाहिला नव्हता. ‘पेरेस्त्रोइका’ म्हणजे पुनर्रचना आणि ‘ग्लासनोस्त’ म्हणजे खुलेपणा, हे दोन रशियन शब्द तेव्हा मराठी अग्रलेखांत असे काही रुळले की, जणू ते येथल्याच मातीतले. आता आम्हां शिक्षकांना ते फळ्यावर लिहून दाखवावे लागतात.

ह्या खुलेपणाला मर्यादा होत्या, हेही सांगितलेच पाहिजे. नाहीतर आपण भक्तीच्या वाटेला लागू. २६ एप्रिल १९८६ रोजी चेर्नोबिलची अणुभट्टी फुटली. गोर्बाचेव्ह त्याविषयी दूरचित्रवाणीवर बोलले ते १४ मे रोजी. मधले अठरा दिवस बोलका नेता मुका होता, आणि त्या अठरा दिवसांतच किएव्हच्या रस्त्यांवरून मे दिनाची मिरवणूकही निघून गेली. २०१९ साली ‘चेर्नोबिल’ ही मालिका जगभर गाजली; तीत डेव्हिड डेन्सिक ह्या नटाने जे गोर्बाचेव्ह दाखविले आहेत, ते हे मौनातले गोर्बाचेव्ह आहेत. दुसरा प्रसंग गमतीचा, पण तितकाच बोलका. १९८७ च्या अखेरीस एका अमेरिकन वाहिनीच्या मुलाखतकाराने त्यांना विचारले की, घरी गेल्यावर आपण पत्नीशी कशाविषयी बोलता? गोर्बाचेव्ह म्हणाले, सगळ्याच विषयांवर. मुलाखतकाराने पुन्हा विचारले, उच्च पातळीवरच्या राजकारणावरही? मुलाखत सोव्हिएत संघात दाखविली गेली तेव्हा ही पुढची प्रश्नोत्तरे गाळलेली होती. खुलेपणाच्या पुरस्कर्त्याचेच बोलणे त्याच्याच देशात कात्रीखाली गेले! रैसा मक्सिमोव्हना ह्या नवऱ्याच्या बरोबरीने पडद्यावर दिसतात, चांगले कपडे घालतात आणि मत देतात, ह्याचा सोव्हिएत प्रेक्षकांतील पुष्कळांना राग होता, हे त्या कात्रीमागचे कारण असावे. ह्या बाईंचा उल्लेख मला पुढे पुन्हा करावयाचा आहे.

तरीसुद्धा दार उघडले ते उघडलेच. २५ मे १९८९ रोजी लोकप्रतिनिधींची नवी महासभा भरली. सव्वादोन हजार प्रतिनिधी, आणि कामकाज थेट प्रक्षेपित. लोक कामावर जाईनात. गेले तरी कचेऱ्यांत रेडिओ आणि दूरचित्रवाणीसंच लावून बसत. अध्यक्षस्थानी गोर्बाचेव्ह आणि व्यासपीठावर शास्त्रज्ञ सखारोव्ह. एक जण वेळ संपल्याची आठवण देतो आहे, दुसरा बोलतच आहे, आणि सभागृह ओरडते आहे. नेत्याला खडसावता येते, हे करोडो लोकांनी एकाच वेळी पाहिले. ज्या कॅमेऱ्याला त्यांनी आत बोलावले, तो आता त्यांच्या आज्ञेत राहिला नाही.

१९९१ च्या ऑगस्टमध्ये तर सारा खेळ कॅमेऱ्याचाच झाला. गोर्बाचेव्ह क्रिमियातील फोरोस येथे विश्रांतीसाठी गेले होते. १९ तारखेस मॉस्कोत बंडवाल्या सहकाऱ्यांनी जाहीर केले की, राष्ट्राध्यक्ष आजारी आहेत. दूरचित्रवाणीवर ‘हंस सरोवर’ हे नृत्यनाट्य पुनःपुन्हा लागले. संध्याकाळी बंडवाल्यांनी पत्रकारपरिषद घेतली आणि त्यांचे पुढारी यानायेव्ह यांचे थरथरणारे हात कॅमेऱ्याने टिपले. ते हात त्यांच्या सर्व निवेदनांपेक्षा अधिक बोलले. इकडे फोरोसला दूरध्वनी तोडलेले. घरच्या मंडळींना बाहेरचे जग कळे ते एका लहानशा रेडिओवर. परदेशी केंद्रे लावून, कान देऊन. नभोवाणीवरून बोलताना हा तपशील सांगायला मला विशेष आनंद होतो. त्या रात्री जावयाने घरगुती व्हिडिओ कॅमेरा लावला आणि गोर्बाचेव्ह त्यापुढे बसले. मी आजारी नाही, हे बंड घटनाबाह्य आहे, एवढे त्यांनी सांगितले. मग ती फीत कॅसेटमधून काढून तिचे चार तुकडे करण्यात आले, कागदात गुंडाळून चिकटवण्यात आले. हेतू हा की, एखादा तुकडा तरी बाहेर पोहोचावा. राष्ट्राध्यक्षाचे ते भाषण, पाहणारा कोणीही समोर नसताना केलेले, मला त्यांच्या सगळ्या चित्रणांत अधिक हृदयस्पर्शी वाटते. बंड तीन दिवसांत कोसळले आणि फीत नंतर देशाने पाहिली. पण तोपर्यंत लोकांच्या डोळ्यांपुढे दुसरे चित्र ठसले होते. ते म्हणजे रणगाड्यावर उभे असलेले बोरीस येल्त्सिन. मॉस्कोस परतल्यावर २३ ऑगस्टला रशियन संसदेत त्याच येल्त्सिन यांनी गोर्बाचेव्हना, त्यांच्याच मंत्र्यांच्या विश्वासघाताचे टिपण सर्वांसमक्ष, कॅमेऱ्यांसमोर, मोठ्याने वाचावयास लावले.

त्याच वर्षी २५ डिसेंबरला संध्याकाळी सात वाजता ते राष्ट्राध्यक्ष म्हणून अखेरचे पडद्यावर आले. भाषण बारा मिनिटांच्या आसपासचे. क्रेमलिनमधील त्या दालनात सोव्हिएत चमूबरोबर सी. एन. एन. ह्या अमेरिकन वृत्तवाहिनीचे लोकही होते. अधिकारत्यागाच्या आदेशावर सही करावयाची वेळ आली तेव्हा गोर्बाचेव्ह यांची लेखणी चालेना. त्या वाहिनीचे प्रमुख टॉम जॉन्सन यांनी आपली लेखणी पुढे केली. ही अमेरिकन आहे काय, असे गोर्बाचेव्हनी विचारले. नाही, असे उत्तर मिळाल्यावर त्यांनी सही केली. एका महासत्तेचा शेवट झाला तो दुसऱ्या देशाच्या वार्ताहराकडून उसनी घेतलेल्या लेखणीने! कादंबरीकाराने हा प्रसंग रचला असता तर आपण त्याला कृत्रिम म्हटले असते. भाषण झाल्यावर अर्ध्या तासाच्या आत क्रेमलिनवरचा तांबडा ध्वज उतरला.

येथून पुढे त्यांच्या पडद्यावरील आयुष्याचा दुसरा भाग सुरू होतो. आणि ह्या भागात त्यांच्यापुढे स्वतःचा देश जवळजवळ नाहीच.

पहिले चित्र १९९३ चे. विम वेंडर्स ह्या जर्मन दिग्दर्शकाने १९८७ साली बर्लिनवर एक चित्रपट काढला होता. दुभंगलेल्या शहरावर काळे कोट घातलेले देवदूत हिंडतात. त्यांना पंख फडफडवावे लागत नाहीत, ते केवळ माणसांच्या शेजारी उभे राहतात आणि त्यांच्या मनातले ऐकतात. भिंत पडल्यावर वेंडर्सनी त्याचा उत्तरार्ध केला. ‘किती दूर, तरी किती जवळ’ अशा अर्थाचे त्याचे जर्मन नाव आहे, आणि कान येथील महोत्सवात त्याला परीक्षकांचा मोठा पुरस्कार मिळाला. त्यात गोर्बाचेव्ह गोर्बाचेव्हच आहेत. मेजाशी बसून ते काही विचार करीत आहेत, आणि ओटो झांडर यांनी रंगविलेला कासिएल नावाचा देवदूत जवळ उभा राहून ते रशियन विचार ऐकतो आहे. राष्ट्रे रक्ताने जोडावीत की स्नेहाने, असा त्या विचारांचा ओघ. प्रसंग लहान आहे. समीक्षकांपैकी काहींना तो चिकटविल्यासारखा वाटला, आणि त्यांचे म्हणणे अगदीच खोटे नाही. परंतु १९८९ च्या नोव्हेंबरात पूर्व जर्मनीतील सोव्हिएत फौजा आपल्या छावण्यांतच राहिल्या, म्हणूनच तर दोन्ही चित्रपटांच्या मधल्या काळात बर्लिनची भिंत रक्तपाताशिवाय पडू शकली. ज्याने काही केले नाही, म्हणजे ज्याने सैन्य हलविले नाही, त्याला पडद्यावर कसे दाखवावे? स्वस्थ बसलेला माणूस दाखविणे हाच त्यावरचा उपाय असावा. जर्मन प्रेक्षकाला हे सांगावे लागत नव्हते.

आता त्या जाहिरातीकडे येऊ. तिच्यावाचून हा विषय पुरा होत नाही.

पदत्यागानंतर १९९२ च्या आरंभी गोर्बाचेव्ह यांनी स्वतःच्या नावाची एक अभ्याससंस्था काढली. येल्त्सिन सरकारने तिला दिलेली इमारत त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात पोलिसांकरवी काढून घेतली आणि काही भाग तेवढा भाड्याने ठेवला. ठरवून दिलेले निवृत्तिवेतन रूबलच्या घसरणीत वाहून गेले. महिन्याच्या शेवटी हाती उरे ते नाममात्र. १९९६ साली ते अध्यक्षपदाच्या निवडणुकीस उभे राहिले. प्रचाराच्या दौऱ्यात ओम्स्क येथे एका माणसाने त्यांच्या अंगावर हात टाकला. मते पडली ती सुमारे अर्धा टक्का. देशाने त्यांना किती दूर सारले होते, ते ह्या आकड्यावरून दिसते. संस्थेच्या माणसांचे पगार, ग्रंथालय, कागदपत्रांचा संग्रह, ह्यांसाठी पैसा हवा होता. अशा वेळी ‘पिझ्झा हट’ ह्या अमेरिकन कंपनीने त्यांना विचारले. रैसाबाईंना ते मानवले नव्हते, असे सांगतात. वाटाघाटी महिनोन् महिने चालल्या. अखेर गोर्बाचेव्ह कबूल झाले, पण एका अटीवर : पडद्यावर आपण पिझ्झा खाणार नाही. माजी राष्ट्राध्यक्षाने कोठे तरी रेघ ओढली पाहिजे, आणि त्यांनी ती घासापाशी ओढली. घास नातीने घेतला.

१९९७ च्या नोव्हेंबरात मॉस्कोत चित्रण झाले. जाहिरात मिनिटभराची. लाल चौकाच्या पार्श्वभूमीवर आजोबा आणि नात चालत येतात, उपाहारगृहात शिरतात, कोपऱ्यातल्या मेजाशी बसतात. पलीकडच्या मेजावरील कुटुंबाचे लक्ष जाते. वडीलधारा पुरुष म्हणतो, ह्याच माणसामुळे आपली आर्थिक दैना झाली. तरुण म्हणतो, ह्याच्यामुळेच संधी मिळाली. एक म्हणतो अस्थैर्य, दुसरा म्हणतो स्वातंत्र्य. एक म्हणतो अनागोंदी, दुसरा म्हणतो आशा. तेवढ्यात घरातली वृद्ध बाई म्हणते की, ह्याच्यामुळे आपल्याला पुष्कळ गोष्टी मिळाल्या, हे खाद्यगृहही मिळाले. त्यावर सर्वांचे एकमत होते, सारे उठून उभे राहतात आणि गोर्बाचेव्ह यांचा जयजयकार करतात. खुद्द गोर्बाचेव्ह यांना एकही वाक्य नाही. ज्यांच्या बोलण्याने एका काळी साम्राज्य हलले, ते येथे नुसते स्मित करतात.

मी ही जाहिरात अनेकदा पाहिली आहे. पहिल्यांदा हसू येते. दुसऱ्यांदा लक्षात येते की, पलीकडच्या मेजावरचे भांडण खरे आहे. त्या दशकात रशियातील अनेक घरांत बाप आणि मुलगा नेमके हेच भांडत होते. बचती बुडालेल्या, कारखाने बंद, पगार महिनोन् महिने थकलेले. आणि त्याच वेळी पुस्तके खुली, प्रवास खुला, तोंड खुले. एखाद्या प्रबंधाने दोनशे पानांत मांडावे ते जाहिरात लिहिणाऱ्याने अर्ध्या मिनिटात मांडले, आणि मग त्याचे उत्तर म्हणून पिझ्झा पुढे केला. येथे माझे मन अडते. गरज असलेल्या माणसाने प्रामाणिक कामाचे पैसे घेतले, ह्यात मला लाज दिसत नाही. निवृत्त नेत्यांनी ह्याहून कितीतरी वाईट मार्गांनी पैसे मिळविले आहेत. परंतु एका पिढीच्या दुःखाची तडजोड एका थाळीत करून दाखवावी, हे त्या दुःखाला थोडे हलके करणे होते.

आणि ज्यांच्यातील भांडण जाहिरातीत दाखविले होते, त्यांना ती दाखविलीच गेली नाही! १९९८ च्या आरंभी ती अमेरिकेत आणि इतरत्र प्रक्षेपित झाली. रशियात झाली नाही. भाषा रशियन, माणसे रशियन, चौक मॉस्कोचा, आणि खाली परक्यांसाठी भाषांतराच्या ओळी. रशियन घरांतील तो जयजयकार रशियाबाहेरच ऐकला गेला. कंपनीला आपल्या प्रेक्षकाची जाण होती, असेच म्हटले पाहिजे. ज्या देशात अर्धा टक्का मते पडली, तेथे हा चेहरा माल खपवील अशी आशा कोण धरणार? त्याच ऑगस्टमध्ये रूबल कोसळला आणि कंपनीने मॉस्कोतील आपली उपाहारगृहे बंद केली. पुढे ती परतली, आणि युक्रेनवरील आक्रमणानंतर २०२२ मध्ये तिने रशियातील व्यवसाय पुन्हा सोडला.

त्यानंतरच्या काही गोष्टी लवकर उरकतो. सेर्गेई प्रोकोफिएव्ह यांनी १९३६ साली मॉस्कोच्या बालरंगभूमीसाठी ‘पीटर आणि लांडगा’ ही संगीतकथा रचली होती. केंट नागानो यांच्या दिग्दर्शनाखाली रशियन वाद्यवृंदाने तिची, आणि लांडग्याची बाजू घेणाऱ्या एका नव्या जोडकथेची ध्वनिमुद्रिका केली. निवेदनासाठी तिघे : अभिनेत्री सोफिया लॉरेन, अमेरिकेचे माजी अध्यक्ष क्लिंटन आणि गोर्बाचेव्ह. मुलांसाठीच्या निवेदनाचा ग्रॅमी पुरस्कार तिला २००४ मध्ये मिळाला. शीतयुद्धातील दोन्ही बाजूंचे माजी अध्यक्ष मिळून मुलांना लांडग्याची गोष्ट सांगतात, ही कल्पना मला तरी मनापासून आवडते. २००७ साली पृथ्वीच्या ऱ्हासावरील ‘द इलेव्हन्थ अवर’ ह्या अनुबोधपटात ते बोलले. त्याच वर्षी एका फ्रेंच कंपनीच्या चामडी पिशवीच्या जाहिरातीत मोटारीत बसलेले दिसले, खिडकीबाहेर बर्लिनच्या भिंतीचा उरलेला तुकडा. ते स्थिरचित्र होते, म्हणून आपल्या विषयाबाहेरचे. मात्र बारीक नजरेच्या लोकांनी पिशवीतून डोकावणाऱ्या मासिकाचा मथळा वाचला, आणि तो लंडनमध्ये विषप्रयोगाने मारल्या गेलेल्या लित्विनेन्को ह्या रशियन गुप्तहेराविषयीचा निघाला. त्यात काही हेतू नव्हता, असे जाहिरातवाल्यांनी सांगितले.

अखेरच्या वर्षांत दोन चांगले अनुबोधपट झाले. वेर्नर हर्त्झोग आणि आंद्रे सिंगर यांचा २०१८ चा चित्रपट तीन भेटींवर आधारलेला आहे. हर्त्झोग जर्मन. ते आरंभीच म्हणतात की, तुम्ही पाहिलेला पहिला जर्मन बहुधा तुम्हाला ठार मारायला आला असेल. गोर्बाचेव्ह नकार देतात. लहानपणी शेजारच्या वस्तीत जर्मन कुटुंबे होती, त्यांच्याकडचा गोड खाऊ त्यांना आठवतो. इतका चांगला खाऊ करणारे लोक चांगलेच असणार, असे त्या मुलाला वाटले होते. हर्त्झोग त्यांच्यासाठी साखरेवाचून केलेली चॉकलेटे घेऊन जातात, कारण गोर्बाचेव्हना मधुमेह. चित्रपट त्यांच्यावर फार लुब्ध आहे; बाल्टिक देशांत, तिबलिसीत आणि बाकूत त्यांच्या कारकीर्दीत जे रक्त सांडले, त्याविषयी त्याने अधिक टोचून विचारावयास हवे होते. विताली मान्स्की ह्यांनी ते काम केले. स्वतः सोव्हिएत संघात जन्मलेले आणि २०१४ पासून लॅटव्हियात राहणारे हे दिग्दर्शक २०२० च्या आपल्या चित्रपटात मॉस्कोबाहेरच्या एका मोठ्या, रिकाम्या घरात आपल्याला नेतात. म्हातारा माणूस चालण्याच्या चौकटीला धरून खोल्या ओलांडतो. प्रश्न अवघड आले की विनोद करतो, किंवा गप्प होतो. मध्येच युक्रेनी गाणे म्हणतो; ते त्याच्या आईच्या घरचे. आपल्या हातून काय झाले, ह्याचे सरळ उत्तर मान्स्की मागत राहतात, आणि ते मिळत नाही. ॲम्स्टरडॅमच्या महोत्सवात ह्या चित्रपटाला दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला.

म्हणजे पुन्हा टेल्युराइड, ॲम्स्टरडॅम आणि तिकडचे प्रेक्षक. रशियन दूरचित्रवाणीने त्यांना अगदीच वाळीत टाकले होते असे नाही. ऐंशीव्या वाढदिवशी त्यांच्यावर कार्यक्रमही झाला. पण मॉस्कोच्या लोकांनी त्यांच्यासाठी तिकिटे काढून रांगेने आत यावे, हे घडले ते पडद्यावर नव्हे, रंगभूमीवर. नाटकवेड्या मराठी माणसाला ह्याचे नवल वाटू नये. २०२० च्या ऑक्टोबरात मॉस्कोच्या ‘थिएटर ऑफ नेशन्स’मध्ये लॅटव्हियन दिग्दर्शक अल्विस हेर्मानिस यांचे ‘गोर्बाचेव्ह’ हे नाटक आले. पात्रे दोनच. येव्गेनी मिरोनोव्ह आणि चुल्पान खामातोव्हा नटांच्या रंगपटात बसून संहिता वाचू लागतात, उच्चार जमतो का, चाल जमते का, हे चाचपडतात, विग बदलतात, आणि हळूहळू तेथे एक विद्यार्थी आणि एक विद्यार्थिनी उभी राहते, मग नवराबायको. राजकारण फारसे नाहीच. विषय आहे तो त्या दोघांच्या सहजीवनाचा, १९९९ च्या सप्टेंबरात जर्मनीतील म्यून्स्टर येथे रक्ताच्या कर्करोगाने रैसा गेल्या तेथपर्यंतचा. बायकोशी सगळ्याच विषयांवर बोलतो, हे ज्याचे वाक्य पूर्वी त्याच्या देशाला धड ऐकू दिले गेले नव्हते, त्याच्या घरातले बोलणे आता मॉस्कोतील प्रेक्षक दिव्यांच्या उजेडात तीन तास ऐकत होते. गोर्बाचेव्ह स्वतःही प्रयोगाला येऊन बसले होते. त्यांचे निधन ३० ऑगस्ट २०२२ रोजी झाले. रैसाची भूमिका करणाऱ्या खामातोव्हा युद्धाचा निषेध करून तेव्हा देशाबाहेर होत्या.